तळहाताएवढ्या काचेवर रत्नागिरी

रत्नागिरीच्या समुद्राला एकच निळा द्यायचा झाला, तर तो कोणता द्यावा? मांडवीच्या जेटीवर संध्याकाळी टेकलेल्या माणसाला हा प्रश्न पडत नाही. त्याच्यापुढे रंगांची उधळण चाललेली असते आणि त्यांतला एक निवडण्याची सक्ती त्याच्यावर नसते. गाडीत वाट दाखवणाऱ्या जुन्या गार्मिन न्यूव्ही यंत्राचा नकाशा आपल्या हाताने रंगवायला घेणाऱ्यावर मात्र ती असते. एका साध्या मजकुराच्या फाइलमध्ये ‘समुद्र’ या प्रकाराचा सांकेतिक आकडा असतो आणि त्याच्याखाली सहा चिन्हांत लिहिलेला रंग: दोन चिन्हे तांबड्याची, दोन हिरव्याची, दोन निळ्याची. या सहा चिन्हांतून १ कोटी ६७ लाखांहून अधिक छटा लिहिता येतात, आणि त्यांतली नेमकी एक उचलून ती जयगडपासून पूर्णगडापर्यंतच्या साऱ्या पाण्याला द्यायची असते.

या एका ओळीपाशी आपण जरा थांबू. रत्नदुर्गाच्या एका अंगाला मांडवीचा काळसर वाळूचा किनारा, ज्याला गावात काळा समुद्रच म्हणतात. दुसऱ्या अंगाला पांढरा समुद्र. पाऊस लागला की काजळी नदी तांबडी माती घेऊन भाट्याच्या खाडीत उतरते आणि मुखापाशी पाण्याला गेरूचा रंग चढतो. दिवाळीनंतर तेच पाणी निवळत निवळत हिरव्या-निळ्यावर येते. आणि एप्रिलच्या भर दुपारी तर त्याला रंग म्हणून उरतच नाही, नुसती डोळे दिपवणारी चकाकी उरते. नकाशाच्या निळ्याला यांतला कुठलाही क्षण सांगायचा नसतो. डोळ्याच्या कोपऱ्यातून दिसावे आणि ‘इकडे पाणी आहे’ एवढे कळवून बाजूला व्हावे, एवढेच त्याचे काम. म्हणून भडक निळा इथे चालत नाही. उन्हात काच चमकली की भडक रंगच आधी पुढे येतो आणि शेजारची रस्त्याची रेघ मागे पडते. निळ्यात थोडा हिरवा आणि बराचसा करडा मिसळलेला, पावसाने नुकतीच उघडीप दिलेल्या सकाळी साखरतरच्या पुलावरून खाडीला जो असतो तो रंग मला या कामासाठी सर्वांत मोलाचा वाटतो. तो समुद्राची आठवण देतो आणि तरीही रस्त्याच्या आड येत नाही.

ज्या यंत्राविषयी आपण बोलत आहोत, ते आता दुकानांत सहसा दिसत नाही. न्यूव्ही मालिका २००५ साली आली. तिच्या साडेतीन इंची पडद्यावर ३२० × २४० ठिपके, म्हणजे अवघे ७६,८००. पुढे आलेल्या ४.३ इंची रुंद पडद्यावर ४८० × २७२, म्हणजे १,३०,५६०. आजच्या फोनच्या तुलनेत ही पुंजी फारच तुटपुंजी. शिवाय कंपनीने दिलेल्या नकाशाच्या रूपात आपल्याला फारसा हात घालता येत नाही. पण २००४ साली ब्रिटनमध्ये सुरू झालेल्या ओपनस्ट्रीटमॅपचा खुला नकाशा ‘एमकेजीमॅप’ नावाच्या मुक्त प्रोग्रामने या यंत्राला वाचता येईल अशा रूपात आणता येतो, एसडी कार्डावर ठेवता येतो, आणि त्याच्यासोबत एक छोटीशी फाइल जोडता येते. तिला टीवायपी फाइल म्हणतात. रस्ता कुठून जातो, खाडी कुठे वळते, हे तिला ठाऊक नसते. हे सारे कसे दिसावे, एवढेच तिच्या हाती. त्या एवढ्याशा अधिकारात केवढा मुलूख मावतो, हे पाहण्यातच या खटाटोपाचा सारा आनंद आहे.

आता कातळाकडे येऊ. रत्नागिरीचा नकाशा खरा उमलतो तो इथे. शहर सोडून चढ चढले की जांभ्या दगडाचा सपाट सडा लागतो. परक्या नकाशाकाराला ही ओसाड, रिकामी जागा वाटते आणि तो तिला फिकट पिवळट रंग देऊन पुढे जातो. पण आपल्याला माहीत असते की सडा रिकामा कधीच नसतो. मे महिन्यात तो तापून काळपट-तपकिरी झालेला असतो, जुलैत त्याच्या खळग्यांत पाणी साचून त्यात आभाळ उतरते, आणि श्रावण-भाद्रपदात सीतेची आसवं आणि गेंद फुलले की पायाखाली निळ्या-पांढऱ्या फुलांचे थरच्या थर पसरतात. टीवायपी फाइलमध्ये अशा प्रदेशाला नुसता सपाट रंग देण्याऐवजी पोतही देता येतो: ३२ × ३२ ठिपक्यांचा एक चौकोन, दोन रंगांत भरलेला, जो यंत्र शेजारी शेजारी मांडत अख्खा सडा झाकून टाकते. आता या चौकोनात तपकिरी पार्श्वभूमीवर काळसर ठिपके टाकायचे. पण ते ओळीने टाकले तर सडा न दिसता फरशी दिसते. म्हणून एक ठिपका इथे, दोन जोडून तिथे, मध्ये मोठी मोकळी जागा, आणि कडेला आलेला ठिपका पलीकडच्या कडेशी नीट जुळलेला. हे जमले की चौकोनाची शिवण दिसेनाशी होते आणि डोळ्याला लांबवर पसरलेला, खडबडीत, ऊन खाल्लेला दगड दिसू लागतो. एवढ्याशा चौकोनात खडबडीतपणा आणता येतो, याचे मला दर वेळी नवल वाटते.

रंगांनंतर थरांचा क्रम येतो. कुठला प्रदेश आधी रंगवायचा आणि कुठला त्याच्यावर, हे फाइलमध्ये अंकांनी लिहिलेले असते. समुद्र तळाला, त्याच्यावर जमिनीचे रंग, त्यावर आगर आणि बागा, त्यावर वस्ती. क्रम उलटा लावला तर किनाऱ्याची अख्खी वाडी समुद्राखाली जाते, आणि एखादा प्रकार यादीत घालायचाच राहिला तर तो पडद्यावर उमटतच नाही. त्या कोरड्या आकड्यांच्या यादीत भूगोलाचा केवढा विचार दडला आहे पाहा: आधी पाणी, मग माती, मग झाड, मग माणूस.

रस्त्यांच्या बाबतीत एक सुंदर अडचण आहे. यंत्र आपल्यासाठी जी वाट आखते, ती ठळक किरमिजी रेघेने दाखवते, आणि त्या रेघेवर टीवायपी फाइलची सत्ता चालत नाही. म्हणजे बाकीच्या रंगपेटीतून किरमिजी आणि त्याच्या जवळची सारी भावंडे आपण होऊन काढून ठेवावी लागतात. हातखंब्याहून जाणारा राष्ट्रीय महामार्ग ६६ तांबडा करण्याचा मोह होतो, पण तांबड्यावर किरमिजी रेघ विरते; तो गडद नारिंगी, काळ्या किनारीचा बरा. गंमत अशी, की आपल्या आवडीची ठिकाणे यंत्रात भरताना जी चिन्हे वापरतात, त्यांत नेमका हाच किरमिजी ‘पारदर्शक’ मानला जातो: चित्रात जिथे तो रंग भरावा, तिथून चित्र नाहीसे होऊन खालचा नकाशा दिसतो. एकाच काचेवर एकच रंग एका कामात सर्वांत ठळक आणि दुसऱ्या कामात अदृश्य.

आणि पाखाडी? जांभ्याच्या पायऱ्यांनी वाडीत उतरणारी, दोन्ही बाजूंना गडगा असलेली ती चिंचोळी वाट सर्वसाधारण नकाशात पायवाटेच्या बारीक तुटक रेघेत हरवते. पण रेघेलाही ३२ ठिपके लांबीचा नमुना देता येतो. त्यात दर चार ठिपक्यांनी एक आडवी खूण टाकली की पडद्यावर पायऱ्या उमटतात, आणि गाडी कुठे उभी करून खाली चालत जायचे ते नजरेला आपोआप कळते. ज्यांनी नातेवाइकांच्या घरापर्यंत गाडी नेण्याच्या हट्टापायी पाखाडीच्या तोंडाशी गाडी अडकवून मागे घेतली आहे, त्यांना या आडव्या खुणांची किंमत सांगायला नको.

चिन्हांचे काम सर्वांत लडिवाळ. फाइलमध्ये चित्र अक्षरांनी लिहिलेले असते. पहिल्या ओळीत चार आकडे: १६ १६ ३ १. रुंदी, उंची, रंग किती, आणि एका ठिपक्यासाठी अक्षरे किती. मग तीन ओळींत तीन रंगांची ओळख, आणि त्यानंतर सोळा ओळी, प्रत्येकीत सोळा अक्षरे. आपल्याकडे मॅटीच्या कापडावर घरे मोजून भरतकाम करणाऱ्या बायका वहीच्या चौकटीत जसे फुल्यांचे नमुने उतरवून ठेवतात, तसेच हे दिसते: दूर धरले की फूल, जवळ आणले की नुसत्या फुल्या. चिरेखाणीचे चिन्ह मी असेच केले. सोळा ओळींपैकी सातांत तांबूस-तपकिरी चिऱ्याचा आडवा ठोकळा, त्याच्या वरच्या कडेला फिकट ओळ, म्हणजे ऊन पडलेली बाजू, आणि मध्ये दोन काळे ठिपके, म्हणजे जांभ्याची छिद्रे. छिद्रे तीन केली की दगडाचा चेहरा होतो, एक केले की बटण होते. दोनच, आणि तीही तिरकी, म्हणजे चिरा. हे चिन्ह पडद्यावर दिसले की पुढच्या वळणावर चिरे भरलेला ट्रक संथपणे रस्त्यावर येत असू शकतो, हे चालवणाऱ्याच्या लक्षात येते.

कातळशिल्पांसाठी वेगळी यादी करावी लागते, कारण ती ठिकाणे आपण निवडून भरायची असतात. यादीची प्रत्येक ओळ म्हणजे आधी रेखांश, मग अक्षांश, मग नाव. बोलताना आपण अक्षांश आधी म्हणतो, इथे क्रम उलटा. रत्नागिरीच्या ओळी ७३ ने सुरू होतात आणि पुढे १६ किंवा १७ येतो, कारण सतरावा अक्षांश शहराला अगदी लगटून जातो. उक्षी, जांभरुण, देवाचे गोठणे, बारसू, कशेळी अशी नावे एकाखाली एक लिहिताना कोकणातल्या या कातळशिल्पांची, ज्यांना २०२२ साली युनेस्कोच्या जागतिक वारसास्थळांच्या तात्पुरत्या यादीत जागा मिळाली, एक माळ ओवल्याचा आनंद मिळतो. कशेळीचा हत्ती सुमारे १८ मीटर लांब आणि १३ मीटर रुंद आहे, आणि त्याच्या पोटात इतर प्राण्यांच्या आकृत्या कोरलेल्या आहेत. आता प्रमाणाचा खेळ पाहा: रुंद पडद्यावर एक किलोमीटरचा मुलूख दिसत असेल, तर २४ ठिपक्यांचे चिन्ह जमिनीवरचे ५० मीटर झाकते. एवढ्या प्रचंड हत्तीपेक्षाही त्याचे चिन्ह मोठे होते! त्या चोवीस ठिपक्यांत हत्ती कसा काढावा? पाठीची एक कमान, सोंडेची एक खाली येणारी रेघ, बाकी सारे किरमिजी, म्हणजे अदृश्य. भरीव हत्ती काढायचा नाही. सड्यावर ज्यांनी तो कोरला त्यांनीही बाह्यरेषेवरच भिस्त ठेवली होती. अशा ठिकाणांना अंतराचा इशारा जोडता येतो, त्यामुळे कशेळीच्या जवळ आल्यावर यंत्र एक बारीकसा नाद करते. आंबा घाटात गायमुखाच्या अलीकडच्या वळणांनाही मी तोच इशारा जोडला आहे, पण त्याचे कारण पावसाळ्यातले धुके.

दिवस आणि रात्र या दोन्ही रंगसंगती यंत्र स्वतःच बदलते. आपण कुठे आहोत आणि तारीख काय, हे त्याला उपग्रहांकडून कळते. त्यावरून सूर्यास्ताचे गणित ते मांडते. रत्नागिरी भारतीय प्रमाणवेळेच्या ८२.५ अंश रेखांशापासून सव्वानऊ अंश पश्चिमेला, त्यामुळे इथली मध्यान्ह घड्याळाच्या बारानंतर सरासरी ३७ मिनिटांनी होते आणि जूनच्या अखेरीस सूर्य सव्वासातच्या सुमारास बुडतो. नोव्हेंबरच्या अखेरीस तोच सहाच्या सुमारास. भाट्याच्या पुलावर गाडी असताना पडदा एकाएकी काळोखात उतरतो तो या हिशेबाने. उपग्रह आठवडे मोजतात ते फक्त १,०२४ पर्यंत, मग मोजणी पुन्हा शून्यावर येते. असे ६ एप्रिल २०१९ रोजी झाले, तेव्हापासून काही जुन्या यंत्रांत तारीख चुकते आणि तिच्याबरोबर सूर्यास्तही. अशा वेळी रात्रीचे रंग हाताने लावावेत. रात्रीचा समुद्र मात्र काळा करू नये. जमीन काळी, समुद्र अगदी खोल निळा, असे ठेवले तर किनाऱ्याची ओळ रात्रीही हरवत नाही, आणि आरे-वारेच्या रस्त्यावर डावीकडे काय आहे याची जाण गाडी चालवताना सतत सोबत राहते.

डावीकडे, अर्थात गणपतीपुळ्याला जाताना. परतताना समुद्र उजवीकडे येतो. पडद्यावर ‘उत्तर वर’ ठेवली तर मात्र जाताना-येताना, दिवसा-रात्री, समुद्र कायम डावीकडेच असतो आणि सह्याद्री कायम उजवीकडे. बहुतेक लोक गाडीची दिशा वर ठेवतात, कारण वळताना सोपे जाते. मला किनाऱ्याच्या रस्त्यावर उत्तरच वर आवडते. त्याने कोकणपट्टीचा उभा, अरुंद बांधा डोळ्यांत बसतो.

पडद्यावर आपली जागा दाखवणाऱ्या गाडीच्या चित्राविषयी न लिहिता पुढे जाणे अन्याय होईल. ते चित्र एक नसून ३६ चित्रांचा पट्टा असतो: दर दहा अंशांनी वळलेली तीच गाडी. मी तिथे तांबडी एसटी ठेवली आहे. सरळ रस्त्यावर ती शांत असते. पण साखरप्याहून आंबा घाट चढू लागलो की पडद्यावरची एसटी दहा-दहा अंशांच्या ठसक्यांनी वळत राहते, आणि त्या छोट्या ठसक्यांतून घाटाची प्रत्येक नागमोड जाणवते. तिची खरी शोभा मात्र जयगडला. शास्त्री नदीच्या मुखावर जयगडहून तवसाळला फेरीबोट जाते, गाडी तिच्यावर चढते, आणि पडद्यावर रस्ता संपून निळ्यावर आखलेली तुटक रेघ सुरू होते. त्या रेघेचा नमुनाही आपलाच: सहा ठिपके पांढरे, चार रिकामे. करड्या-निळ्या पाण्यावरून, त्या पांढऱ्या तुकड्यांवर, तांबडी एसटी हळूहळू सरकत पलीकडे जाते. इंजिन बंद, हँडब्रेक ओढलेला, आणि तरीही नकाशा चालतोच आहे. यंत्राच्या मांडणीत ‘फेरी टाळा’ अशी एक खूण असते. ती केलेली असेल तर गुहागरला जाणाऱ्याला ते चिपळूणवरून फिरवून आणते आणि हा सारा देखावा हुकतो. ती खूण आधी काढून टाकावी. आणि हेही लक्षात ठेवण्याजोगे, की इतक्या बारकाईने पाण्यावरची जागा दाखवणे शक्य झाले ते २ मे २००० नंतर. त्या दिवशी भारतीय वेळेनुसार सकाळी साडेनऊला अमेरिकेने उपग्रहांच्या नागरी संकेतात मुद्दाम घातलेली चूक काढून टाकली. त्याआधी शंभर मीटरपर्यंतची चूक गृहीतच असे, आणि भाट्याच्या पुलावरची गाडी पडद्यावर खुशाल खाडीत दिसली असती.

उरला आवाज. गार्मिनने ‘व्हॉइस स्टुडिओ’ नावाचा एक प्रोग्राम दिला होता, ज्यात आपल्या आवाजात सूचना भरता येत. वाक्ये तुकड्यांत भरायची: आकडे वेगळे, ‘मीटर’ वेगळे, ‘उजवीकडे’ वेगळे, यंत्र ते जोडून बोलते. अशा आवाजाला रस्त्यांची नावे घेता येत नाहीत, आणि हे वैगुण्य रत्नागिरीत कुणाला जाणवतही नाही. इथे लोक मारुती मंदिर आणि जयस्तंभ अशा ठिकाणांवरून चालतात, रस्त्यांच्या नावांनी कुणी पत्ता सांगत नाही. माझ्या मावशीने हे तुकडे भरून दिले. ‘वळा’ म्हणायला तिने साफ नकार दिला. भाच्याला कुणी ‘वळा’ म्हणते का? म्हणून आमचे यंत्र ‘उजवीकडे वळ’ म्हणते, आणि ‘दोनशे’ म्हणताना मावशीचा स्वर शेवटी किंचित वर जातो, जणू दोनशे फार नाहीत, घाई करू नकोस. सर्वांत रसाळ तुकडा मात्र वळण चुकल्यानंतरचा. मूळ आवाज तिथे ‘नवा मार्ग शोधत आहे’ अशा अर्थाचे काहीतरी परक्या थंडपणाने सांगतो. मावशीने मायक्रोफोन जवळ ओढला, क्षणभर विचार केला आणि म्हणाली, “राहू दे बाळा, पुढून जाऊ.” आता हे वाक्य ऐकण्यासाठी आमच्या घरातली मुले मला पाली नाक्याला मुद्दाम वळण चुकवायला लावतात.